चिखलाकडचा हिस्सा

दि. २७ ऑगस्ट २०१७

घनश्याम,

तुला आणि वच्छलेला आशीर्वाद. तू उत्तर दिलं नाहीस तरी तो परत मागणार नाही.

फोन तू उचलत नाहीस. म्हणून पत्र. पोस्टमनने हातात ठेवलेलं पाकीट, त्यावर आपलंच नाव, ते न फोडता ठेवून देणारा माणूस मी अजून पाहिलेला नाही. तू तर दहावीचा निकाल आणणाऱ्या पोस्टमनला गावाच्या वेशीपाशीच अडवला होतास.

पोळ्याला पिंटू येऊन गेला. तुझा मुलगा तुझ्यासारखा आतल्या गाठीचा नाही. पुरणपोळी खाता खाता बोलून गेला, "मोठे बाबा, दिवाळीनंतर पप्पा आपल्या हिश्शाच्या बोडीत मुरूम टाकणार आहेत. तुमसरचा एक मिलवाला गोडाऊनले जागा पाहून राहिला."

तुझी वहिनी पोळी वाढता वाढता थांबली. जेवण झाल्यावर मी बोडीच्या पाण्याकाठी जाऊन बसलो.

आजोबांनी बांधीतल्या धानाला पाणी पुरावं म्हणून ही बोडी खोदली. आपण दोघं तिच्यातच पोहायला शिकलो. मी काठावर बसून चौथीच्या पुस्तकातली तळ्याची कविता म्हणायचो आणि तू माझ्या अंगावर चिखल फेकायचास. आता वाटणीचा धुरा, मातीचा बांध, मधून गेला आहे. खोल पाण्याची, घाटाची आणि कमळांची बाजू माझी. उथळ, गवताची, चिखलाची बाजू तुझी. मी थोरला म्हणून आधी मला विचारलं आणि मी कमळं मागितली. तू एवढंच म्हणालास, "कमळं तुमी पाहा दादा, मी चिखल पाहातो." त्यानंतर तू गावात एकदाच आलास, कुंताबाई आत्याच्या मयतीला. आणि स्मशानातूनच परत गेलास.

हिस्सा तुझा आहे, तू मालक आहेस. पण पिंटूला मी म्हटलं, बोडी बुजवू नका, तिच्यात जीव आहे. तर त्याने तिथल्या तिथे तुला फोन लावला आणि तुझं उत्तर मला ऐकू आलं: "त्या डबक्यात बेडकाशिवाय आहे काय?"

प्रश्न चांगला आहे. मास्तराला चांगला प्रश्न आवडतो, भले तो चिडून विचारलेला असो. याचं उत्तर मी कवितेतून देणार नाही. मोजून देणार.

योग असा, की नागपूरच्या एका संस्थेचे लोक आपल्या भागातल्या बोड्या आणि तलाव मोजत फिरताहेत. पाणी नाही, त्यातले जीव. कोणत्या जागेत किती प्रकारचे जीव आहेत हे ते शास्त्राने ठरवतात. त्यांची प्रमुख प्रतिक्षा नावाची मुलगी आहे, मूळची आपल्या चिखला गावची, वडील तिथल्या मँगनीजच्या खाणीत होते. मी तिला आपली बोडी दाखवली. सप्टेंबरच्या शेवटी येते म्हणाली. निकाल माझ्या बाजूने लागेल याबद्दल मला तिळमात्र शंका नाही.

निकाल येईपर्यंत मुरुमाचं कोणाशी बोलू नकोस, एवढं ऐक.

तुझा,
दादा


दि. १४ सप्टेंबर २०१७

घनश्याम,

उत्तर नाही. ठीक आहे, माझ्याकडे सांगायला भरपूर आहे.

प्रतिक्षा जागा पाहून गेली. मी तिला विचारलं, बाई, जंगलातली झाडं मोजता येतील, पण बोडीतला जीव न् जीव तू मोजणार कसा? हसली. म्हणाली, "सगळा कुठं मोजतो गुरुजी? तुम्ही भाताचं शीत दाबून पाहता, तसंच."

त्यांची रीत ऐकण्यासारखी आहे. काठापासून पाण्यात एक सरळ दोरी ताणायची. दोरीवर सारख्या अंतराने प्लास्टिकच्या पाइपची चौकट ठेवायची, एक मीटर लांब, एक मीटर रुंद. चौकटीत जे उगवलं असेल ते मोजायचं. बाहेर सोन्याचं कमळ असलं तरी तिकडे पाहायचं नाही. मनाला आवडेल तिथे चौकट ठेवायची नाही, दोरी सांगेल तिथेच. मग जाळीने ठरावीक वेळा पाणी ढवळून पांढऱ्या तबकात ओतायचं आणि वळवळणारं सगळं वेगळं करायचं. चिखल चाळणीतून धुवायचा. पक्ष्यांसाठी सकाळी एका जागी दगडासारखं बसायचं.

मी विचारलं, सारस दिसला तर निकाल चांगला लागेल का? म्हणाली, "सारस आला तर आनंदच, पण तो एकच नाव होईल गुरुजी."

मला हे आवडलं. आमच्या हजेरीसारखं आहे. पाटलाचा पोरगा असो की मजुराचा, नाव एकदाच.

आता खरी बातमी. मी बोडीची तयारी जोरात चालवली आहे. प्रतिक्षा फोनवर म्हणाली होती, "काही तयारी करू नका, जसं आहे तसं राहू द्या." तुला ठाऊक आहे, आयुष्यभर हे वाक्य मी प्रत्येक तपासणी अधिकाऱ्याकडून ऐकलेलं आहे. "काही करू नका गुरुजी" म्हणणारे साहेब शाळा सारवलेली नसली की शेऱ्यात लिहून जात आणि कोंबडी नसली की आणखी दोन ओळी वाढवत. मोठ्या माणसांची ही बोलायची रीत असते. मी काय आजचा मास्तर आहे?

म्हणून इश्वरला आणि त्याच्या दोन गड्यांना लावून माझी बाजू स्वच्छ करून घेतली. पाण्यातलं ते शेवाळी जंजाळ, काठचं गवत, ती लांब हिरवी दोरखंडं, कुजलेला पाला, सगळं उपसून काठावर ढीग केले. राहिलं काय? निळं पाणी आणि कमळं. घाटाच्या पायऱ्यांना चुना मारला. घनश्याम, तुला सांगतो, आता पाहिलंस तर वाटेल की ती चौथीतली कविता कोणी जमिनीवर उतरवून ठेवली आहे.

इश्वर काम करता करता टोमणे मारत होता, "गुरुजी, बोडीचं लगन लागून राहिलं का? नवरदेव कोणत्या गावचा?"

तुझी वहिनी त्यावर म्हणाली, "लेकीच्या लगनात इतके राबले नाही हे. मांडवात कविता म्हणत होते."

तुझ्या बाजूला मी हात लावलेला नाही. इश्वर विचारत होता, "तिकडचंही काढू का जी?" मी नको म्हटलं. ज्याच्याशी बोलणं नाही त्याच्या गवतालाही हात लावू नये. तुझ्याकडचं रान जसंच्या तसं आहे. पाहुण्यांसमोर जरा लाज वाटते, पण इलाज नाही.

निकालाची वाट पाहा.

दादा


दि. २८ सप्टेंबर २०१७

घनश्याम,

मंडळी येऊन गेली. कार्यक्रम उत्तम झाला. तुझ्या वहिनीने वडाभात केला होता, सगळे पोटभर जेवले. निकाल यथावकाश येईल, आकडेमोड बरीच असते.

या पत्राचं कारण वेगळं. वय झालं की माणूस मागचा विचार करतो. वाटणीच्या वेळी मी थोरलेपणाचा फायदा घेतला असं तुला वाटत आलं आहे. मी ते मनावर घेतलं आहे. तर मी असं सुचवतो की आपण हिस्से बदलून घेऊ. घाट, खोल पाणी, कमळं, काठचा आंबा, सगळं तुझं. उथळ बाजू मला दे. मुरूम टाकायचा असेल तर तुझ्या नव्या बाजूला टाक, मी अवाक्षर काढणार नाही. तलाठ्याकडचं फिरणं मी करतो.

एका थोरल्या भावाने यापेक्षा अधिक काय करावं? पिंटूकरवी हो एवढंच कळव, दसऱ्यानंतरचा दिवस ठरवू.

बाकी क्षेम.

दादा


दि. ८ ऑक्टोबर २०१७

घनश्याम,

पिंटूचा फोन आला. तू म्हणालास म्हणे, "दादा कमळाची बाजू देऊन राहिले म्हणजे यात काहीतरी गोम आहे. गोम कळल्याशिवाय मी सही करत नाही." पिंटू हे सांगताना हसत होता. तू बंदुकीच्या दारूच्या कारखान्यात आयुष्य काढलंस, वास लगेच येतो तुला.

गोम आहे. सांगतो. बसून वाच.

त्या दिवशी सकाळी प्रतिक्षा आणि तिचे सोबती आले. मी नवा सदरा घालून घाटावर उभा. तिने चुना मारलेल्या पायऱ्या पाहिल्या, पाणी पाहिलं, मग काठावरचे ढीग पाहिले. नमस्कार करायचा राहिला आणि ती ढिगाशी जाऊन उकिडवी बसली. हातानेच उकरायला लागली. एकेक वाळकी काडी बाजूला ठेवत गेली. कडक झालेल्या गोगलगाई निघाल्या. चतुराची पिल्लं निघाली, सुकलेली. मला आजवर ठाऊकच नव्हतं, की तो उडणारा चतुर लहानपणी पाण्यात राहतो. मी म्हटलं, "कचरा आहे तो बाई, हात धुवून घे, चहा झाला आहे."

तिने मान वर केली नाही. म्हणाली, "गुरुजी, मी काय सांगितलं होतं तुमाले?"

"काही करू नका म्हणालीस."

"मग?"

"मला वाटलं, तू म्हणतेस तसं."

"मी म्हणते तसंच असते जी ते!" आणि मग हळू आवाजात, "तुम्ही वर्ग झाडून काढला गुरुजी. पण पोरंही झाडली बाहेर."

इश्वर मागे उभा होता. त्यानेसुद्धा टोमणा मारायचा सोडून फावडं पाठीमागे लपवलं, यावरून समज.

मोजणी मात्र झाली. आधी माझ्या बाजूला. पहिली चौकट: कमळ. दुसरी: कमळ, आणि एक कसलंसं पान. तिसऱ्या चौकटीपर्यंत नावं संपली, पुढे नुसतं कमळ, कमळ, कमळ. तिची एक रीत आहे, प्रत्येक चौकटीला नवी नावं किती आली याची रेघ काढत जायची. माझी रेघ थोडी चढली आणि टेबलासारखी सपाट झाली. एकूण पाच वनस्पती. जाळीत कोळंबीची थोडी पिल्लं आणि पाणकिडे. पक्षी एक, तोही खंड्या, आणि तो विजेच्या तारेवर बसलेला.

मी म्हटलं, पण कमळं किती आहेत बघ ना! त्यावर तिने मला जे सांगितलं, ते मी वर्गात शिकवलं असतं तर अधिकाऱ्याने पाठ थोपटली असती. नुसती नावं किती एवढंच पाहत नाहीत; कोणाची डोकी किती तेही पाहतात. दोन वर्ग समज, दोन्हींत पाच-पाच आडनावांची मुलं. एकात सगळी सारखी वाटलेली. दुसऱ्यात अख्खा वर्ग एकाच आडनावाचा आणि बाकीच्यांचा एकेक पोरगा कोपऱ्यात. नावं दोन्हीकडे पाचच. पण पहिल्या वर्गात डोळे मिटून एकाला उठवलं तर कोण उठेल सांगता येत नाही. दुसऱ्यात आधीच ठाऊक असतं. माझी बोडी दुसरा वर्ग झाली होती. कवितेत शोभते, पण तिला विचारायला काही उरलं नाही.

मग ती म्हणाली, "पलीकडची बाजू कोणाची?"

"माझ्या भावाची. तिकडे काही नाही, रान माजलं आहे."

"हात लावला का तिकडं?"

"नाही. आमचं बोलणं नाही."

घनश्याम, ती मुलगी त्या दिवशी पहिल्यांदा हसली. "नाही बोलत तेच बरं," म्हणाली आणि धुरा ओलांडून तुझ्या चिखलात गुडघाभर उतरली.

आता ऐक. तुझी पहिली चौकट: सात नावं. देवधान, म्हणजे आजी उपासाला निवडायची ते आपोआप उगवणारं धान. गाद, जिचे कंद तू उकरून खायचास आणि आईचा मार खायचास. चिला, तो पाण्याखालीच वाढणारा. पुढची मला येत नाहीत, तिच्या लॅटिन नावांना तर वृत्तच नाही. दुसरी चौकट: चार नवी. तिसरी: आणखी. तबकात ओतलं तर पाणी दिसेना, नुसती वळवळ. शिंगी-मरळ माशांची पिल्लं, चतुराची, टाचणी म्हणतात त्या बारीक चतुराची. बेडकांचे किती प्रकार निघाले ते ऐकून तू मागे विचारलेला प्रश्न आठवला. "बेडकाशिवाय काय आहे?" अरे, बेडूकच सहा प्रकारचे आहेत! कमळपक्षी आपल्या लांब बोटांनी तुझ्या तरंगत्या पानांवरून चालत होता. नाव कमळपक्षी, आणि राहतो तुझ्याकडे.

ऊन उतरलं तरी तुझी रेघ वर चढतच होती. तेवीस वनस्पती झाल्या आणि शेवटच्या चौकटीतही एक नवीन निघाली. प्रतिक्षा म्हणाली, सगळा फरक काही माझ्या साफसफाईचा नाही. उथळ बाजू मुळातच श्रीमंत असते. पण माझी इतकी गरीब असायचं कारण नव्हतं. तेवढं तुझ्या काठचं बेशरमाचं झुडूप मात्र काढा म्हणाली, ते बाहेरचं आहे, बाकीच्यांना जागा देत नाही.

हे सगळं कळल्यावर मी तुला हिस्से बदलायचं पत्र लिहिलं. माझ्या हातात चिखल आला की तो वाचेल, आणि तू मुरूम टाकलास तर फक्त कमळांवर पडेल, जी मी पुन्हा लावू शकतो. हिशेब वाईट नव्हता. पण सांगितल्याशिवाय केला. तू ओळखलंस ते बरं झालं, नाहीतर मी थोरला होऊन पुन्हा तेच केलं असतं.

आता बदल नको. तुझं ते तुझंच. फक्त एवढं माहीत असू दे, की दिवाळीनंतर ट्रॉली रिकामी होईल ती डबक्यात नाही. मी माझी बाजू हौसेने उजाड केली, आता या बोडीत जे काही आहे ते सगळं तुझ्याकडे आहे. तुझ्याकडून गेलं तर परत यायला जागा उरणार नाही.

आणखी एक. प्रतिक्षाने सांगितलेलं मला फार आवडलं. मोजताना जे जीव एकदाच दिसतात त्यांची वेगळी मोजणी करतात. एकदाच दिसलेले जितके जास्त, तितके न दिसलेले अजून जास्त असणार, असा त्या शास्त्राचा हिशेब आहे. तूही धुरा पडल्यापासून एकदाच दिसलास. त्या हिशेबाने मला न दिसलेला घनश्याम पुष्कळ शिल्लक आहे.

एकदा येऊन पाहा. मग टाकायचा तर टाक.

तुझा,
दादा


दि. १२ नोव्हेंबर २०१७

प्रिय घनश्याम,

आता तू फोन उचलतोस, तरी पत्र लिहितो आहे. सवय लागली. शिवाय तू विचारलेल्या गोष्टीचं उत्तर फोनवर देण्यासारखं नाही, तू मध्येच बोलतोस.

मुरुमाची ट्रॉली वेशीत शिरली तेव्हा मी अंगणात होतो. मागे तुझी मोटरसायकल दिसली तेव्हा, खोटं कशाला सांगू, आत जाऊन खाटेवर बसलो. तुझ्या वहिनीने दारातून सांगितलं, "भाऊजी आले. बोडीकडं गेले. तुमी का इथंच बसून राहता?"

मी आलो तेव्हा तू पॅन्ट गुडघ्यापर्यंत दुमडून तुझ्या चिखलात उभा होतास आणि ट्रॅक्टरवाला धुऱ्यावर उभा राहून विचारत होता, "टाकू का साहेब?" तू त्याच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. एक गाद उपटलीस, कंद पाण्यात धुतलास, दाताने सोललास आणि खाल्लास. तोंडात असतानाच मला म्हणालास, "म्हणजे माह्या हिश्शात जास्त आहे?"

"चौपटीहून जास्त."

"कागदावर आहे?"

"तिच्या अहवालात आहे. शिक्क्यासकट येईल."

"पाहा बाप्पा," तू म्हणालास, "इतक्या वर्षांत पहिल्यांदा." आणि जे हसायला लागलास, ते थांबेचना. ट्रॅक्टरवाल्याला वाटलं, साहेबाला काहीतरी चावलं. मुरूम मग तू गावच्या रस्त्यातल्या खड्ड्यांत टाकायला लावलास. सरपंच अजून सांगत फिरतो, की ते काम त्याने करून घेतलं. मिलवाल्याला तू काय कळवलंस ते तू सांगितलं नाहीस, मी विचारलं नाही.

बेशरम आपण दोघांनी मिळून काढलं. तुझी कंबर धरली असेल. माझीही धरली, पण मी कोणाला सांगितलं नाही, तुझ्या वहिनीला तर मुळीच नाही.

जाताना तू म्हणालास, "दादा, हा धुरा फोडून टाकू. तारीख कळवा, फावडं घेऊन येतो." रात्रभर मला त्याचाच आनंद होता. सकाळी प्रतिक्षाला फोन करून मोठ्या थाटात सांगितलं, की आमचा धुरा फुटणार, तू ये, पेढे खा.

तर ती ओरडली.

"फोडू नका गुरुजी! हात लावू नका! एका बोडीत दोन बाजू, एक साफ केलेली, एक जशीच्या तशी, मध्ये धुरा! असं मले मागूनही भेटलं नसतं!" तिला पाहायचं आहे, की माझ्या उजाड बाजूला काही न लावता, काही न आणता, आपोआप कोण कोण परत येतं आणि कोणत्या क्रमाने. वाऱ्याने, पक्ष्यांच्या पायांना चिकटून, चिखलात निजलेल्या बियांतून. ती दर मोसमात येऊन तीच दोरी, त्याच चौकटी ठेवणार. धुरा फोडला तर तुझं सगळं माझ्यात मिसळेल आणि काहीच कळणार नाही. पुढे ती सांगेल तेव्हा, सांगेल तिथे, एक मोरी काढू.

या वेळी मी तिचं म्हणणं शब्दशः घेतलं आहे. "काही करू नका" म्हणजे काही करू नका.

मी एक कविता लिहायला घेतली होती, बोडीतली सगळी नावं घालून. गाद आणि चिला कोणत्याच वृत्तात बसेनात. सोडून दिली. आता रोज सकाळी पायऱ्यांवर जातो. चुना पावसाने धुपला आहे. काल माझ्या बाजूला, कमळांच्या मधल्या मोकळ्या पाण्यात, एक बारीक हिरवं पान तरंगताना दिसलं. तुझ्याकडचंच असणार. मी हात लावला नाही.

तर फावडं आणू नकोस. धुरा राहणार आहे, शास्त्राची आज्ञा आहे. पण तो चांगला रुंद आहे, दोन म्हातारे शेजारी शेजारी मावतात. प्रतिक्षाला दोन्ही बाजूंचे पक्षी एकाच वेळी मोजणारे लोक हवे आहेत. तू तोंड माझ्या बाजूला करून बस, मी तुझ्या बाजूला करतो. बोलायचं नाही, पक्षी उडतात. तेवढं आपल्याला जमतं.

येत्या रविवारी ये. वच्छलेलाही आण.

तुझा,
दादा